ताने बेटप्रांत: 36,000 पेंढ्या भात, शंभरावर हरणाची कातडी आणि एक बंद झालेले दफ्तर

सन 824 मध्ये जपानच्या क्योतोमधल्या दरबारापुढे एक हिशेब आला. क्यूशूच्या दक्षिणेला ताने नावाचा बेटप्रांत होता. तिथल्या अधिकाऱ्यांना वर्षाला जे काही द्यावे लागे त्याची किंमत भाताच्या 36,000 हून अधिक पेंढ्या. त्या बेटांकडून दरबारात येणारा कर मात्र हरणाची शंभरावर कातडी, बाकी काही नाही. चार आण्यांची कोंबडी आणि बारा आण्यांचा मसाला म्हणतात तसाच हा मामला. त्याच वर्षी ताने प्रांत मोडला आणि ती बेटे शेजारच्या ओसुमी प्रांताला जोडली गेली.

जपानच्या जुन्या प्रांतांची संख्या 66 प्रांत आणि 2 बेटे अशी सांगतात. ही दोन बेटे म्हणजे इकी आणि त्सुशिमा. तिसरे बेट 824 पर्यंत ताने होते. 823 मध्ये एचिझेनमधून कागा हा नवा प्रांत काढला, पुढच्या वर्षी ताने गेला, आणि मग ही यादी 1868 पर्यंत, म्हणजे हजाराहून अधिक वर्षे, जवळपास तशीच राहिली. अल्पजीवी प्रांत आणखीही होते. शिनानोतून काढलेला सुवा 721 ते 731 असा दहा वर्षे टिकला, ईशान्येकडचे इवाकी आणि इवासे 718 मध्ये झाले आणि काही वर्षांतच मुत्सूत परत गेले. त्यांच्या मानाने तानेची 122 वर्षे पुष्कळच. पण प्रांत का मोडला याचे कारण आकड्यांसकट लिहून ठेवलेले सापडते ते तानेचे. ‘रुइजू सान्दाइ क्याकु’ या जुन्या हुकुमांच्या संग्रहात तो कागद आहे. म्हणूनच हे प्रकरण बारकाईने तपासता येते.

आधी भूगोल. तानेगाशिमा हे क्यूशूच्या दक्षिण टोकापासून सुमारे 40 किलोमीटरवर, लांबीला 57 किलोमीटर, अरुंद आणि बसके बेट. सर्वांत उंच जागा 300 मीटरसुद्धा भरत नाही. शेजारचे याकुशिमा जवळपास गोल, आणि मधोमध 1,936 मीटरचे शिखर. तिसरे कुचिनोएराबु, लहानसे ज्वालामुखी बेट. तानेगाशिमावर शेती होते. याकुशिमाचे डोंगर मात्र समुद्रातून फार लांबून दिसतात. कुरोशिओ हा जोरदार सागरी प्रवाह याच भागातून पुढे जातो. शेतीचे बेट आणि खुणेचे बेट, दोन्ही एका प्रांतात आली होती. पुढचे सगळे प्रकरण समजायला हे लक्षात ठेवावे लागते.

दरबाराला या बेटांची तपशीलवार माहिती मिळाली ती 681 मध्ये. 677 मध्ये तानेच्या लोकांना आसुकाच्या मंदिराच्या पश्चिमेला मेजवानी दिली होती, 679 मध्ये तिकडे दूत गेले आणि 681 मध्ये नकाशा घेऊन परतले. ‘निहोन शोकी’ या जुन्या इतिहासग्रंथात त्यांचा अहवाल आहे: देश राजधानीपासून 5,000 री (अंतराचे जुने माप) दूर, त्सुकुशीच्या दक्षिणेच्या समुद्रात, लोक केस कापतात, गवताची वस्त्रे नेसतात, भात नेहमी मुबलक, एकदा पेरून दोनदा कापतात, रंगासाठीची गार्डेनियाची फळे, लव्हाळे आणि समुद्रातला माल भरपूर. अंतर फुगवलेले आहे, पण एका पेरणीत दोन कापण्या ही गोष्ट उष्ण बेटावर शक्य आहे. उसाचा खोडवा ठेवतात तसे भाताच्या कापलेल्या बुडख्याला पुन्हा फुटवे येतात. पहिला अहवाल ‘भात मुबलक’ म्हणतो आणि शेवटचा कागद ‘कातड्यांखेरीज काही नाही’ म्हणतो. 143 वर्षांत जमीन नापीक झाली असे मानायचे कारण नाही. बदलला तो मोजण्याचा उद्देश.

698 मध्ये दरबाराने फुमी नो हाकासे याच्यासह आठ जणांना दक्षिणेची बेटे धुंडाळायला पाठवले आणि सोबत शस्त्रेही दिली. 699 मध्ये ताने, याकु, अमामी आणि तोकुनोशिमाची माणसे भेटी घेऊन आली. म्हणजे मोहीम फळाला आली. पण 700 मध्ये नोंद येते की सात्सुमा भागातल्या प्रमुखांनी, ज्यांत सात्सुमा हिमे नावाची स्त्रीही होती, या दूतांना हत्यारे उगारून धमकावले होते. क्यूशूच्या दक्षिणेतल्या हायातो लोकांच्या दृष्टीने हे त्यांच्या समुद्रातले, त्यांच्या व्यापारातले परके पाऊल होते. 702 च्या आठव्या चांद्र महिन्याखाली ‘शोकु निहोंगी’ हा त्यापुढचा इतिहासग्रंथ लिहितो: सात्सुमा आणि ताने यांनी आज्ञा मोडली, म्हणून फौज पाठवली, आणि शेवटी घरांची मोजदाद करून तिथे अधिकारी नेमले. ‘घरांची मोजदाद आणि अधिकारी’ ही जोडीच त्या काळी प्रांत झाल्याची खूण. तानेची जन्मनोंद म्हणून हीच ओळ धरतात.

वर्ष पाहा. 701 मध्ये ताइहो नावाचा राज्यकारभाराचा कायदा पुरा झाला, आणि 702 च्या उन्हाळ्यात, या मोहिमेच्या दोनच महिने आधी, आवाता नो माहितो यांचा दूतगट तांग चीनकडे निघाला. जवळपास तेहतीस वर्षांनी जपानची जहाजे चीनकडे चालली होती. सिल्ला या कोरियातल्या राज्याशी संबंध बिघडत गेले तसा कोरियाच्या किनाऱ्याने जायचा जुना मार्ग भरवशाचा राहिला नाही. आता जहाजांना खुल्या समुद्रातून जावे लागणार, आणि खुल्या समुद्रातून परतणारे जहाज कुठे लागेल याचा नेम नव्हता.

प्रांत झाला, पण तो नावापासूनच अर्धामुर्धा. कायद्याने त्याचा दर्जा ‘बेटा’चा, इकी आणि त्सुशिमासारखा, दाझाइफुच्या हाताखाली. दाझाइफु म्हणजे आजच्या फुकुओका जिल्ह्यातले क्यूशूचे मुख्य सरकारी ठाणे. नोंदींत मात्र कधी ‘बेट’ येते, कधी ‘प्रांत’. प्रांताच्या आत चार परगणे: तानेगाशिमावर कुमागे आणि नोमा, याकुशिमाकडे याकु आणि गोमु. 714 मध्ये तानेला सरकारी शिक्का मिळाला. शिक्क्याशिवाय प्रांताच्या कागदाला किंमत नसे, म्हणून हा तपशील किरकोळ समजू नये. शेजारचा ओसुमी प्रांत ह्यूगातून वेगळा झाला तो 713 मध्ये, म्हणजे तानेच्या नंतर. आणि 720 मध्ये हायातोंनी ओसुमीच्या प्रांताधिकाऱ्याला ठार मारले, तेव्हा ओतोमो नो ताबितोला फौज घेऊन यावे लागले. तानेच्या पाठीमागचा मुलूख अजून शांत नव्हता, आणि बेटावर शिक्का, दफ्तर, अधिकारी सगळे आधीच येऊन बसले होते.

नेमणुकीची जागा अवघड आहे हे दरबारालाही ठाऊक होते. 709 मध्ये दाझाइफुच्या अधिकाऱ्यांना मिळणाऱ्या राबत्या माणसांची संख्या निम्मी केली, तेव्हा सात्सुमा आणि तानेच्या अधिकाऱ्यांना त्या कपातीतून वगळले. 733 मध्ये स्थानिक प्रमुखांना मानाची कुळनावे दिली: कुमागेच्या 11 जणांना, याकुच्या 136 जणांना, नोमाच्या 969 जणांना. ही बेरीज 1,116 होते. परगण्याची कचेरी चालवणारी माणसे तिथलीच होती आणि त्यांना दरबाराच्या मानपानात सामावून घ्यायचा हा मार्ग होता.

आता पैशाचे. प्रांताधिकाऱ्यांचा खर्च चालायचा तो सरकारी वाढीदिढीवर. वसंतात बियाणे म्हणून सरकारी भात कर्जाऊ द्यायचा आणि शरदात व्याजासकट वसूल करायचा. व्याज आधी खरोखरच दिढीचे, म्हणजे शेकडा 50. पुढे कमीजास्त होत 810 नंतर शेकडा 30. 745 मध्ये प्रत्येक प्रांतासाठी या कामाचे मूळ भांडवल ठरवून दिले. मोठ्या प्रांताला 4,00,000 पेंढ्या, त्याखालच्याला 3,00,000, मध्यमाला 2,00,000, लहानाला 1,00,000. ओसुमी आणि सात्सुमा मध्यम दर्जाचे, पण त्यांना फक्त 40,000. इकीला तर 10,000. या यादीत तानेचे नाव नाही. त्याला स्वतःचे भांडवलच नव्हते. खर्च बाहेरून यायचा. 742 मध्ये दाझाइफुचे ठाणे काही वर्षांसाठी बंद केले, तेव्हा ओसुमी, सात्सुमा, इकी, त्सुशिमा आणि ताने यांच्या अधिकाऱ्यांचे पगार चिकुझेन प्रांताने द्यावेत असा वेगळा हुकूम काढावा लागला. पाटाचे तोंड एका जागी, पाणी प्यायची शेते दुसरीकडे. तोंड बंद झाले की लगेच धावपळ.

या चौकटीत 36,000 पेंढ्या मांडून पाहू. शेकडा 30 व्याजाने एवढे उत्पन्न हवे तर मूळ भांडवल 1,20,000 पेंढ्यांचे लागते, म्हणजे 745 मध्ये ओसुमीला ठरवून दिलेल्या रकमेच्या तिप्पट. जमीनसाऱ्यातून काढायचे तर एका चो जमिनीला (सुमारे 1.2 हेक्टर) 15 पेंढ्या या दराने 2,400 चो भातजमिनीचा सारा लागतो. उत्तम जमिनीत एका चोला 500 पेंढ्या पीक धरत; त्या हिशेबाने 72 चोंचे सगळेच्या सगळे पीक. आणि कातडी शंभर धरली तर एका कातड्यामागे 360 पेंढ्या, म्हणजे साधारण दोन एकर उत्तम भातखाचराचे पूर्ण वर्षाचे पीक. एका पेंढीतून त्या काळच्या मापाने 5 शो तांदूळ निघे. हा सगळा भात क्यूशूच्या दुसऱ्या प्रांतांतल्या शेतकऱ्यांनी पिकवलेला.

ही बाजू मांडली ती दाझाइफुचे उपप्रमुख ओनो नो मिनेमोरी यांनी. माणूस कामाचा होता. 823 मध्ये क्यूशूतल्या दुष्काळाने आणि रोगराईने खिळखिळ्या झालेल्या महसुलावर उपाय म्हणून सरकारी शेती थेट कसवून घेण्याची योजना त्यांनीच मंजूर करून घेतली होती. तिजोरी रिकामी, गावे ओस, आणि त्यात एक प्रांत नुसता खातो आहे, हे त्यांना खटकले यात काही वावगे नाही. कागदात म्हटले आहे की करपात्र माणसे एका गावाएवढीही भरत नाहीत, जमीन मात्र एका परगण्याहून जास्त. ‘गाव’ म्हणजे कायद्याने 50 घरांचा गट. 733 मध्ये एकट्या नोमातल्या 969 जणांना कुळनाव मिळाले होते, मग एवढी कमी माणसे कशी, असा प्रश्न पडतो. उत्तर ‘करपात्र’ या शब्दात आहे. त्यात फक्त धडधाकट वयात आलेले पुरुष. बायका, मुले, म्हातारे, हुद्देदार सगळे बाहेर. त्या काळचे एक घर वीस-पंचवीस माणसांचे असे. म्हणून बेटे निर्मनुष्य होती असा अर्थ या ओळीतून काढू नये. अनेक लेखांत तो काढलेला दिसतो.

पण त्या कागदातले सर्वांत वजनदार वाक्य आकड्यांचे नाही. दक्षिणेला अथांग समुद्र आहे, तिथे ना देश ना शत्रू, तोटा आहे, लाभ नाही, असा त्याचा आशय. इकी आणि त्सुशिमाही तोट्यातच होती. त्सुशिमालाही क्यूशूतून धान्य न्यावे लागे. तरी ती दोन्ही ठेवली, कारण समोर सिल्ला होता. तानेसमोर कोणीच नाही. म्हणजे निकषावर ताने हरला तो सरहद्दीचे ठाणे म्हणून. आणि इथेच हा हिशेब अपुरा आहे. तानेचे खरे काम शत्रूवर नजर ठेवण्याचे नव्हतेच. परतणाऱ्या जहाजांना झेलण्याचे होते.

जाणारी जहाजे या बेटांवरून जाण्याचा बेत करत की नाही यावर अभ्यासकांत वाद आहे. परतीच्या नोंदी मात्र स्वच्छ बोलतात. 733 मध्ये चार जहाजे गेली होती. परतताना पहिले जहाज 734 च्या अकराव्या महिन्यात तानेगाशिमाला लागले. त्यावर किबी नो माकिबी आणि भिक्षू गेनबो होते, आणि त्यांनी आणलेले ग्रंथ. दुसरे जहाज वाऱ्याने परत चीनला गेले आणि 736 मध्ये आले. त्यावरून भारतातला भिक्षू बोधिसेन जपानला पोचला, ज्याने पुढे 752 मध्ये नारातल्या तोदाइजी मंदिराच्या महाबुद्धाचे डोळे रंगवले. तिसरे दक्षिणेकडे चंपाच्या (आजच्या व्हिएतनाममधल्या जुन्या राज्याच्या) बाजूला वाहवत गेले. चौथ्याचा पत्ताच लागला नाही. चारांतले जे एक वेळेवर घरी आले ते तानेला लागलेले.

दाझाइफुने यातून लगेच धडा घेतला. 735 मध्ये तिथले उपप्रमुख ओनो नो ओयू यांनी ताकाहाशी नो उशिकाई याला दक्षिणेच्या बेटांवर लाकडी फलक रोवायला पाठवले. त्या फलकांवर काय लिहायचे ते 754 च्या हुकमात दिले आहे, आणि ते वाचताना एखाद्या अनुभवी तांडेलानेच मजकूर सांगितला असावा असे वाटते: बेटाचे नाव, जहाज नांगरायची जागा, पिण्याचे पाणी मिळेल ती जागा, इथून पुढच्या मुलखांपर्यंतचे अंतर, आणि इथून लांबवर दिसणाऱ्या बेटांची नावे. उद्देशही लिहिला आहे, भरकटून आलेल्या जहाजाला कुठे जायचे ते कळावे. दिवसांचे दिवस समुद्रात भरकटलेल्या माणसाला आधी काय हवे, मग काय, या क्रमानेच हा मजकूर आहे.

754 चा हा हुकूम निघाला कारण एकोणीस वर्षांत लाकूड कुजले होते. खाऱ्या वाऱ्यात आणि याकुशिमाच्या पावसात लाकडी फलक टिकणार किती? पण हुकूम त्याच वर्षी का निघाला, हे आदल्या वर्षात दिसते. 753 मध्ये चीनमधून येणारा भिक्षू गानजिन ज्या जहाजावर होता ते ओकिनावाहून बाराव्या महिन्याच्या 6 तारखेला सुटले, 7 तारखेला याकुशिमाला आले, 18 पर्यंत तिथे थांबले, 19 ला वादळात दिशा हरवून बसले, दुपारी लाटांवर डोंगरमाथा दिसला, आणि 20 ला सात्सुमातल्या आकिमेला लागले. याकुशिमाचे ते अकरा दिवस म्हणजे पाणी, अन्न, डागडुजी आणि वाऱ्याची वाट. माकिबीचे दुसऱ्या खेपेचे जहाजही याकुशिमालाच आले होते. म्हणजे 734 नंतर 735 चे फलक, 753 नंतर 754 ची दुरुस्ती. जहाज लागले की प्रांताची आठवण, असे हे चक्र दिसते.

मग जहाजे लागेनाशी झाली. 778 मध्ये परतलेली जहाजे सात्सुमाचा किनारा, कोशिकी बेटे, आमाकुसा, हिझेन अशी विखुरली. तानेला एकही नाही. 805 मध्ये एक त्सुशिमाला, एक हिझेनला. मार्ग गोतो बेटांवरून थेट पश्चिमेला जाणारा झाला होता आणि परतीचे टप्पे उत्तरेला सरकले होते. 805 नंतर तर 824 पर्यंत दूतगट गेलाच नाही. मिनेमोरींनी हिशेब मांडला तेव्हा शेवटच्या दूतगटाला एकोणीस वर्षे होऊन गेली होती. गेल्या पन्नास वर्षांत तानेने कोणते जहाज वाचवले, असे कोणी विचारले असते तर मिनेमोरींच्या दफ्तरात नाव सापडले नसते. कागदातला तोटा खरा आहे. पण जहाजांसाठी ठेवलेल्या ठाण्याचा हिशेब जहाजे न येणाऱ्या वर्षांवरून केला गेला.

मधल्या काळात या नेमणुकीला शिक्षेचा वासही लागला होता. 769 मध्ये भिक्षू दोक्यो गादीवर बसावा असा उसा देवस्थानाचा कौल ज्याने दरबारात पोचवला, तो सुगे नो आसोमारो 770 मध्ये दोक्यो पडताच तानेचा मुख्य अधिकारी म्हणून पाठवला गेला. दोन वर्षांनी तो ओसुमीला बदलला. राजधानीला नको झालेला माणूस जिथे पाठवतात, त्या जागेची बाजू दरबारात कोण मांडणार?

मोडणी सोपी झाली. चार परगण्यांचे दोन केले, कुमागे आणि गोमु, आणि ते ओसुमीला जोडले. स्वतंत्र अधिकारी आणि दफ्तर गेले. लोक, कातडी, भात, समुद्र सगळे तिथेच. याकुशिमाच्या देवस्थानाचे नाव 927 च्या ‘एंगिशिकी’ या नियमसंग्रहातल्या देवस्थानांच्या यादीत ओसुमी प्रांताखाली येते, आणि त्या यादीतले ते सर्वांत दक्षिणेचे. गोमु परगणा 1897 मध्ये कुमागेत मिसळला. कुमागे हे नाव आजही कागोशिमा जिल्ह्यात चालू आहे. प्रांत गेला, परगणा राहिला.

फलक रोवणारे ओनो नो ओयू आणि प्रांत मोडणारे ओनो नो मिनेमोरी एकाच ओनो घराण्यातले, एकाच हुद्द्यावरचे. मिनेमोरींचा मुलगा ताकामुरा पुढच्या दूतगटाचा उपप्रमुख नेमला गेला. गळक्या जहाजाच्या वादावरून त्याने 838 मध्ये चढायला नकार दिला आणि ओकी बेटावर हद्दपारी भोगली. तो दूतगट त्याच्याशिवाय गेला. 839 मध्ये परतीची जहाजे मागेपुढे झाली, तेव्हा दरबाराने दाझाइफुला हुकूम पाठवला: सगळ्या बाजूंच्या पहारेकऱ्यांना ताकीद द्या, मशाली विझू देऊ नका, धान्य आणि पाणी साठवून ठेवा, म्हणजे मागून येणारी जहाजे सुखरूप लागतील. दुसरे जहाज तेव्हा दक्षिण समुद्रात भरकटले होते. तिथल्या एका बेटावर लोकांशी त्यांची लढाई झाली, माणसे मेली, आणि उरलेल्यांनी मोडक्या जहाजाच्या लाकडातून लहान होडी बांधली. वैद्य सुगावारा नो काजिनारी त्या होडीतून 840 च्या चौथ्या महिन्यात ओसुमीच्या किनाऱ्याला लागला.